अभिजात हॉलिवूड शैली

अभिजात हॉलिवूड शैली ही अमेरिकेतील मुख्य प्रवाहातील चित्रपटांची कथा रचण्याची आणि ती दृश्यांतून मांडण्याची पद्धत होय. ती १९१७ च्या सुमारास स्थिर झाली आणि १९६० पर्यंत हॉलिवूडच्या मोठ्या स्टुडिओंमध्ये जवळजवळ निरपवादपणे पाळली गेली. कॅमेरा कोठे ठेवावा, एक शॉट कोठे संपवून दुसरा कोठे सुरू करावा, पात्राच्या चेहऱ्यावर प्रकाश कोणत्या बाजूने टाकावा, कथेतील घटनेला कारण कसे पुरवावे, अशा असंख्य लहानमोठ्या संकेतांची ती बनलेली आहे. या संकेतांचे उद्दिष्ट एकच आहे. प्रेक्षकाने कथेत गुंतून जावे आणि ही कथा कोणीतरी रचून सांगत आहे, याचा त्याला विसर पडावा. म्हणून तिला ‘अदृश्य शैली’ असेही म्हणतात. प्रत्यक्षात हे अदृश्य राहणे अतिशय काटेकोर परिश्रमांतून साधलेले असते, आणि जे दिसत नाही त्याविषयी प्रेक्षक सहसा प्रश्न विचारत नाही. या शैलीचे सामर्थ्य आणि तिच्यावरील सर्वांत गंभीर आक्षेप, दोन्ही याच गोष्टीत आहेत.

नाव आणि व्याप्ती

अमेरिकन चित्रपटांना ‘अभिजात’ हे विशेषण फ्रेंच समीक्षक आंद्रे बाझँ यांच्या लेखनातही आढळते. तथापि या शैलीचा पद्धतशीर अभ्यास डेव्हिड बोर्डवेल, जॅनेट स्टायगर आणि क्रिस्टिन थॉम्पसन यांच्या १९८५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘द क्लासिकल हॉलिवूड सिनेमा’ या ग्रंथामुळे रूढ झाला. या तिघांनी नावाजलेले चित्रपट निवडण्याचे टाळले. गुणवत्तेची कोणतीही चाळणी न लावता निवडलेले शंभर चित्रपट त्यांनी शॉटगणिक तपासले. उत्कृष्ट कलाकृती नियमाला अपवाद असू शकते. सामान्य, विसरल्या गेलेल्या चित्रपटांत मात्र नियम स्पष्ट दिसतो, ही त्यांची भूमिका होती. ‘अभिजात’ या शब्दाचा येथील अर्थ ‘थोर’ असा नसून ‘प्रमाणबद्ध, संयत आणि नियमांना धरून असलेले’ असा आहे, हे मराठी वाचकाने विशेषत्वाने ध्यानात ठेवले पाहिजे.

या लेखात ‘शॉट’ म्हणजे कॅमेरा सुरू होऊन थांबेपर्यंतच्या चित्रणाचा पडद्यावर अखंड दिसणारा तुकडा. एका स्थळी आणि एका सलग काळात घडणाऱ्या शॉटांच्या समूहाला ‘प्रसंग’ म्हटले आहे.

उगम

प्रारंभीच्या चित्रपटांत कॅमेरा नाट्यगृहातील प्रेक्षकासारखा समोर एका जागी उभा असे आणि एक प्रसंग बहुधा एकाच शॉटमध्ये संपे. त्या काळच्या कथनाची कल्पना एडविन पोर्टर यांच्या ‘लाइफ ऑफ अ‍ॅन अमेरिकन फायरमन’ (१९०३) या लघुपटावरून येते. त्यात अग्निशामक दलाचा जवान जळत्या घरातून आई आणि मुलाला वाचवतो. ही सुटका प्रथम खोलीच्या आतून संपूर्ण दाखवली आहे. नंतर तीच सुटका घराबाहेरून पुन्हा आरंभापासून शेवटपर्यंत दाखवली आहे. पुढे या चित्रपटाची एक वेगळी प्रत प्रचारात आली. तिच्यात आतले आणि बाहेरचे शॉट आलटून पालटून जोडलेले होते, आणि त्या बळावर पोर्टर यांना आधुनिक संकलनाचे जनकत्वही देण्यात आले. परंतु हक्कनोंदणीसाठी अमेरिकेच्या काँग्रेस ग्रंथालयात कागदावर छापून ठेवलेल्या प्रतीत घटना दोनदाच घडते, आणि तीच मूळ रचना असल्याचे आता मानले जाते. दुसरी प्रत कोणीतरी नंतरच्या काळातील सवयीप्रमाणे ‘दुरुस्त’ केलेली होती. आज स्वाभाविक वाटणारी मांडणी १९०३ मध्ये स्वाभाविक नव्हती, याचा याहून बोलका पुरावा मिळणे कठीण आहे.

पुढील दशकात हे चित्र पालटले. बायोग्राफ कंपनीत १९०८ ते १९१३ या काळात शेकडो लघुपट दिग्दर्शित करणारे डी. डब्ल्यू. ग्रिफिथ यांनी दोन ठिकाणी एकाच वेळी घडणाऱ्या घटना आलटून पालटून दाखवण्याचे तंत्र विकसित केले. ‘द लोनली व्हिला’ (१९०९) मध्ये घरात शिरू पाहणारे दरोडेखोर, आत अडकलेले कुटुंब आणि मदतीसाठी धावणारा गृहस्थ या तिन्हींचे शॉट एकमेकांत गुंफलेले आहेत. निर्माते टॉमस इन्स यांनी चित्रीकरणापूर्वीच शॉटवार पटकथा लिहून काढण्याची शिस्त रुजवली. अशा पटकथेमुळे प्रसंग कोणत्याही क्रमाने चित्रित करता येत. एकाच नेपथ्यातील सर्व प्रसंग लागोपाठ उरकून खर्च वाचवता येई. तुकड्यांत चित्रित केलेली कथा पडद्यावर सलग दिसावी, ही गरज अशा रीतीने आर्थिक कारणांतूनही निर्माण झाली.

त्या काळी चित्रफितींची कापणी-जोडणी करण्याचे काम अनेक स्त्रिया करीत. ते शिवणकामासारखे निगुतीचे, पण दुय्यम काम समजले जाई. त्यांपैकी मार्गारेट बूथ पुढे एमजीएम स्टुडिओच्या प्रमुख संकलक झाल्या, तर अ‍ॅन बॉकेन्स यांना ‘नॉर्थ वेस्ट माउंटेड पोलीस’ (१९४०) या चित्रपटासाठी संकलनाचे ऑस्कर मिळाले. स्टुडिओंत या कामाला ‘कटिंग’, म्हणजे कापणे, असे म्हणत. मराठीत रूढ झालेला ‘संकलन’ हा शब्द जोडण्यावर भर देतो. अभिजात हॉलिवूड शैलीच्या बाबतीत मराठी शब्दच अधिक नेमका ठरतो, कारण तिचे सारे कौशल्य काप दिसू न देण्यात आहे.

कथेची घडण

अभिजात हॉलिवूड कथेच्या केंद्रस्थानी स्पष्ट उद्दिष्ट असलेले एखादे पात्र असते. त्याला काही तरी हवे असते, त्याच्या मार्गात अडथळे येतात आणि अखेरीस उद्दिष्टाचा निश्चित निकाल लागतो. प्रत्येक घटना आधीच्या घटनेचा परिणाम आणि पुढच्या घटनेचे कारण असते. योगायोगाला फारसा मज्जाव नाही. पण तो कथेच्या आरंभी चालतो, शेवटी गुंता सोडवण्यासाठी वापरलेला खपत नाही.

बहुतेक कथांत दोन सूत्रे समांतर चालतात. एक प्रेमाचे असते आणि दुसरे कामाचे, मोहिमेचे, युद्धाचे किंवा गुन्ह्याच्या तपासाचे. दोन्ही सूत्रे एकमेकांत अडकतात आणि एकाचा निकाल दुसऱ्याचा निकाल घडवतो. त्यात मुदतीची भर पडते. ठराविक वेळेपर्यंत काम झाले नाही तर सर्व संपेल, अशी परिस्थिती निर्माण केली जाते.

हॉवर्ड हॉक्स यांचा ‘हिज गर्ल फ्रायडे’ (१९४०) हा या घडणीचा नमुनेदार चित्रपट आहे. मूळ ‘द फ्रंट पेज’ या नाटकात संपादक आणि बातमीदार हे दोघेही पुरुष होते. हॉक्स यांनी बातमीदाराला स्त्री केले, तीही संपादकाची घटस्फोटित पत्नी. या एका बदलाने वृत्तपत्राची कथा आणि प्रेमकथा एकमेकींपासून वेगळ्या करणे अशक्य झाले. हिल्डी जॉन्सन नोकरी सोडून दुसऱ्याशी विवाह करण्यास निघाली आहे, आणि तिची अल्बनीला जाणारी गाडी दुपारी चारची आहे. दुसरीकडे अर्ल विल्यम्स या कैद्याला दुसऱ्या दिवशी सकाळी फाशी होणार आहे. ही एक बातमी तिने लिहावी म्हणून माजी पती वॉल्टर बर्न्स नाना क्लृप्त्या योजतो. गाडी चुकत जाते, फाशी जवळ येत जाते. पात्रे एकमेकांची वाक्ये अर्ध्यावर तोडत विलक्षण वेगाने बोलतात; पण कोणाला काय हवे आहे आणि वेळ किती उरला आहे, याविषयी प्रेक्षक क्षणभरही गोंधळत नाही. कथेचा सांगाडा पक्का असल्यामुळेच संवादांची ही धांदल पेलली जाते.

प्रसंगांची साखळी जोडण्यासाठी संवादांचाही उपयोग होतो. एखादे पात्र प्रसंगाच्या शेवटी कोणाला तरी भेटायला जाण्याचा उल्लेख करते, आणि पुढचा प्रसंग त्या भेटीनेच सुरू होतो. महत्त्वाची माहिती बहुधा एकदा सांगून भागवत नाहीत. ती कधी संवादातून, कधी वर्तमानपत्राच्या मथळ्यातून, कधी एखाद्या वस्तूच्या क्लोज-अपमधून पुन्हा दिली जाते. ही पुनरुक्ती इतक्या बेताने केलेली असते की ती पुनरुक्ती वाटत नाही. मध्यंतर मात्र या घडणीत नाही. भारतीय चित्रपटात मध्यंतरापूर्वी एक ठसठशीत वळण द्यावे लागते. अमेरिकन पटकथाकाराला सामान्यतः सलग बसलेला प्रेक्षक गृहीत धरता येतो.

कथांच्या शेवटांवर बाहेरचे बंधनही होते. निर्मात्यांच्या संघटनेने १९३० मध्ये स्वीकारलेली आणि १९३४ पासून जोसेफ ब्रीन यांच्या कार्यालयामार्फत कठोरपणे राबवलेली निर्मिती संहिता १९६८ पर्यंत अस्तित्वात होती. गुन्हेगाराला शासन झालेच पाहिजे, विवाहसंस्थेचे पावित्र्य राखले पाहिजे, असे तिचे दंडक होते. निकाल स्पष्ट असावा, ही कथनाची आवड आणि न्याय दिसावा, ही संहितेची सक्ती एकमेकींना पूरक ठरल्या.

सातत्यपूर्ण संकलन

या शैलीचा तांत्रिक कणा म्हणजे सातत्यपूर्ण संकलन. प्रसंग अनेक तुकड्यांत चित्रित केला तरी स्थळ, काळ आणि क्रिया अखंड भासाव्यात, हा त्याचा हेतू असतो.

प्रसंगाच्या आरंभी सहसा दूरचा शॉट येतो. खोली कशी आहे, दार कोठे आहे, कोण कोठे बसले आहे, हे तो सांगतो. नंतर कॅमेरा जवळ जातो. कोणी नवे आत आले किंवा कोणी जागा बदलली, की पुन्हा एकवार दूरचा शॉट देऊन प्रेक्षकाच्या मनातील नकाशा सुधारला जातो. गुडघ्यांपासून वर माणूस दाखवणारा मध्यम शॉट अमेरिकन चित्रपटांत इतका वारंवार येई, की फ्रेंच समीक्षकांनी त्याला ‘अमेरिकन शॉट’ असेच नाव दिले.

सर्वांत महत्त्वाचा नियम १८० अंशांचा. समोरासमोर बसलेल्या दोन पात्रांना जोडणारी एक काल्पनिक रेषा मानतात आणि त्या प्रसंगातील सर्व शॉट रेषेच्या एकाच बाजूने घेतात. त्यामुळे डावीकडचे पात्र नेहमी उजवीकडे पाहताना दिसते आणि उजवीकडचे डावीकडे. फुटबॉल सामन्याच्या प्रक्षेपणात मुख्य कॅमेरे मैदानाच्या एकाच बाजूला ठेवतात, त्यामागेही हेच कारण आहे. मध्येच पलीकडचा कॅमेरा जोडला तर एकाच दिशेने धावणारा खेळाडू उलट फिरल्यासारखा दिसेल.

या रेषेच्या आधारावर शॉट आणि प्रतिशॉट ही जोडी उभी राहते. संवादात प्रथम एकाच्या खांद्यावरून दुसऱ्याचा चेहरा दिसतो, मग दुसऱ्याच्या खांद्यावरून पहिल्याचा. चित्रीकरणाच्या वेळी समोर दुसरा नट नसला तरीही नजरेची दिशा जुळली की दोघे एकमेकांकडे पाहत आहेत, असे प्रेक्षक मानतो. दृष्टिरेषा जुळवण्याचे तत्त्व ते हेच. पात्र चौकटीबाहेर पाहते. पुढच्या शॉटमध्ये जे दिसते ते त्याने पाहिलेले असते. प्रेक्षकाला हे कोणी शिकवलेले नसते, तरी तो चुकत नाही.

क्रियेवर कट करणे ही आणखी एक युक्ती. माणूस खुर्चीवरून उठू लागतो तो दूरच्या शॉटमध्ये, आणि पूर्ण उभा राहतो तो जवळच्या शॉटमध्ये. डोळा हालचालीचा पाठलाग करीत असल्यामुळे मधला सांधा निसटून जातो. एकाच व्यक्तीचे लागोपाठचे दोन शॉट घेताना कॅमेऱ्याचा कोन किमान ३० अंशांनी बदलावा, असाही दंडक आहे. अन्यथा चित्र अकारण उडी मारल्यासारखे भासते. नेमकी हीच उडी झाँ-ल्यूक गोदार यांनी ‘ब्रेथलेस’ (१९६०) या फ्रेंच चित्रपटात हेतुपुरस्सर वापरली. जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझू यांनी तर १८० अंशांची रेषा आयुष्यभर सहजपणे ओलांडली, आणि त्यांचे चित्रपट पाहताना कोणी हरवत नाही. हे संकेत निसर्गनियम नसून एका उद्योगाने लावलेली सवय आहे, हे त्यावरून स्पष्ट होते.

ही सवय टिकवण्याची जबाबदारी चित्रीकरणस्थळी एका व्यक्तीवर असे. पेला कोणत्या हातात होता, सिगारेट किती जळली होती, टोपी किती कलती होती, याच्या नोंदी ती ठेवी. श्रेयनामावलीत तिचे नाव बहुधा प्रेक्षकांच्या नजरेतून सुटते. तिच्या कामाची खरी पावती म्हणजे तिच्या कामाकडे लक्षच न जाणे.

बोलपटाच्या आगमनाने या पद्धतीला काही काळ धक्का बसला. ‘द जॅझ सिंगर’ (१९२७) नंतरच्या पहिल्या काही वर्षांत कॅमेऱ्याचा आवाज ध्वनिमुद्रणात येऊ नये म्हणून तो बंद खोलीवजा पेटीत ठेवावा लागे. एकाच वेळी अनेक कॅमेऱ्यांनी प्रसंग टिपला जाई. कॅमेऱ्यावर ध्वनिरोधक आवरण आले, ध्वनिग्राहक लांब दांड्यावर टांगता येऊ लागला, आणि १९३० च्या दशकाच्या प्रारंभीच जुनी शिस्त परत आली. ध्वनीसारख्या मोठ्या बदलानेही शैली मोडली नाही. तिने ध्वनीलाच आपल्या चाकोरीत बसवले.

प्रकाश, रंग आणि चौकट

अभिजात छायाचित्रणाचा पाया तीन दिव्यांच्या रचनेत आहे. मुख्य दिवा चेहऱ्याला आकार देतो, दुसरा सौम्य दिवा त्यामुळे पडलेल्या सावल्या उजळतो आणि मागून येणारा तिसरा दिवा केसांच्या व खांद्यांच्या कडा उजळून पात्राला पार्श्वभूमीपासून अलग करतो. विनोदी व संगीतप्रधान चित्रपटांत सावल्या कमी ठेवत, गुन्हेपटांत त्या गडद राहू देत. नायिकेच्या क्लोज-अपसाठी भिंगासमोर जाळीदार कापड धरून चित्र मृदू करीत.

तीन पट्ट्यांच्या टेक्निकलर पद्धतीने चित्रित झालेला पहिला पूर्ण लांबीचा कथापट ‘बेकी शार्प’ (१९३५) हा होय. रंगाचा कथेसाठी केलेला सर्वांत प्रसिद्ध उपयोग ‘द विझार्ड ऑफ ऑझ’ (१९३९) मध्ये आहे. कॅन्ससमधील घर तपकिरी छटांत दिसते. डोरोथी दार उघडते आणि पलीकडे रंगीत ऑझ नगरी दिसते. हा शॉट रंगीत फितीवरच घेतलेला आहे. घराचा अंतर्भाग तपकिरी रंगवून, डोरोथीच्या जागी तपकिरी पोशाखातील दुसरी नटी उभी करून तो साधला गेला. दूरचित्रवाणीशी स्पर्धा करण्यासाठी १९५३ मध्ये ‘द रोब’ या चित्रपटापासून सिनेमास्कोपचा रुंद पडदा आला. रुंद चौकटीत संकलन मंदावेल असा अंदाज होता. काही काळ तसे झालेही. पण लवकरच शॉट-प्रतिशॉटची जोडी रुंद पडद्यावरही पूर्ववत नांदू लागली.

एक उदाहरण : ‘कॅसाब्लांका’

मायकेल कर्टिझ दिग्दर्शित ‘कॅसाब्लांका’ (१९४२) या वॉर्नर ब्रदर्सच्या चित्रपटात ही सर्व तंत्रे एकत्र पाहता येतात. पृथ्वीचा गोल, नकाशा आणि निवेदकाचा आवाज यांतून निर्वासितांचा मार्ग सांगितला जातो. नंतर शहर, मग रस्ता, मग रिक यांचे कॅफे, अशी कथा बाहेरून आत जाते. रिक मात्र लगेच दिसत नाही. प्रथम इतर पात्रे त्याच्याविषयी बोलतात. मग एक हात कागदावर सही करताना दिसतो, मग बुद्धिबळाचा पट आणि पेला, आणि त्यानंतर कॅमेरा वर जाऊन हम्फ्री बोगार्ट यांचा चेहरा दाखवतो. एकटाच बुद्धिबळ खेळणारा, स्वतःच्या मालकीच्या गर्दीत अलिप्त राहणारा मनुष्य, ही ओळख एकाही संवादाविना पटते.

पॅरिसमधील पूर्ववृत्त अशाच रीतीने येते. रात्री बंद कॅफेत रिक मद्य पीत बसला आहे, पियानो वाजतो आहे. कॅमेरा त्याच्या चेहऱ्याकडे सरकतो आणि चेहरा विरघळून पॅरिसची विजयकमान दिसू लागते. आठवण कोणाची आहे हे सांगण्याची गरज उरत नाही.

प्रेम आणि युद्ध या दोन सूत्रांची गाठ प्रवासाच्या परवानापत्रांत आहे. ती दोनच आहेत आणि माणसे तीन. लिस्बनला जाणारे विमान ही मुदत. शेवटच्या विमानतळावरील प्रसंगात रिक इल्साला तिच्या पतीबरोबर जाण्यास सांगतो, तेव्हा दोघांचे क्लोज-अप आलटून पालटून येतात. इल्साच्या डोळ्यांत प्रकाशाचे बिंदू चमकतात, आणि मधूनच विमानाचा शॉट येऊन वेळ संपत आल्याची जाणीव देतो. छायाचित्रकार आर्थर एडिसन यांनी हा प्रसंग स्टुडिओत चित्रित केला. मागचे विमान लहान आकाराची प्रतिकृती होते आणि ते खरे वाटावे म्हणून त्याच्याभोवती कमी उंचीची माणसे उभी केली होती. कृत्रिम धुक्याने उरलेसुरले झाकले. पटकथेचे लेखन चित्रीकरणाबरोबरच चालू होते. तरीही विवाहित स्त्रीने पतीला सोडून जाणे निर्मिती संहितेत बसणारे नव्हते, त्यामुळे शेवटाचे पर्याय मुळातच मोजके होते. बंधनातून निघालेला शेवट प्रेक्षकाला पात्राच्या स्वभावातून निघालेला वाटतो, हे या चित्रपटाचे यश आहे.

नियमांच्या कडेवर

नियम ठाऊक असलेल्या दिग्दर्शकांनी ते वाकवलेही. जॉन फोर्ड यांच्या ‘स्टेजकोच’ (१९३९) मधील पाठलागात १८० अंशांची रेषा उघडपणे ओलांडली आहे. घोडागाडी कधी डावीकडून उजवीकडे, कधी उलट धावते. पाठलाग कोण करतो आणि कोणाचा, हे इतके स्पष्ट असते, की बहुतेकांना ते जाणवतही नाही.

ऑर्सन वेल्स यांच्या ‘सिटिझन केन’ (१९४१) मध्ये छायाचित्रकार ग्रेग टोलंड यांनी जवळची आणि दूरची वस्तू एकाच वेळी सुस्पष्ट ठेवणारे चित्रण केले. बालपणीच्या प्रसंगात पुढे टेबलाशी आई मुलाला दुसऱ्याच्या हवाली करणाऱ्या कागदांवर सही करते, आणि मागे खिडकीच्या चौकटीत तो मुलगा बर्फात खेळत असतो. सामान्य पद्धतीने हा प्रसंग सहीचा क्लोज-अप आणि मुलाचा क्लोज-अप असा तोडला गेला असता. येथे दोन्ही गोष्टी एकत्र दिसतात आणि कोठे पाहायचे हे प्रेक्षकाने ठरवायचे असते. बाझँ यांनी या पद्धतीचे महत्त्व त्याचसाठी सांगितले.

आल्फ्रेड हिचकॉक यांनी दृष्टिरेषेचे तत्त्व टोकाला नेले. ‘रिअर विंडो’ (१९५४) मध्ये पाय मोडल्याने घरी अडकलेला छायाचित्रकार समोरच्या घरांतील खिडक्या न्याहाळतो. तो पाहतो, त्याला काय दिसते ते आपण पाहतो, मग त्याचा चेहरा पाहतो. बराचसा चित्रपट या त्रयीवर उभा आहे. रशियन दिग्दर्शक लेव्ह कुलेशोव्ह यांनी एका नटाच्या निर्विकार चेहऱ्यापुढे कधी सूपचा वाडगा, कधी शवपेटी जोडली, तेव्हा प्रेक्षकांना त्या एकाच चेहऱ्यावर निरनिराळे भाव दिसले असे सांगतात. हिचकॉक या प्रयोगाचा दाखला आवर्जून देत. ‘सायको’ (१९६०) मध्ये त्यांनी कथेचाही नियम मोडला. ज्या स्त्रीच्या उद्दिष्टाशी प्रेक्षक बांधला गेला आहे, तिचाच चित्रपटाच्या पूर्वार्धात खून होतो. पाऊण मिनिटाच्या आसपासचा तो प्रसंग चित्रित करण्यास सात दिवस लागले.

आक्षेप

शैली अदृश्य असल्यामुळे तिच्यातून आलेला दृष्टिकोनही अदृश्य राहतो, हा या शैलीवरील मूलभूत आक्षेप आहे. त्याचे सर्वांत जळजळीत उदाहरण तिच्या जन्मकाळातच सापडते. ग्रिफिथ यांच्या ‘द बर्थ ऑफ अ नेशन’ (१९१५) मध्ये घेरलेले कुटुंब आणि मदतीला दौडत येणारे घोडेस्वार यांचे आलटून पालटून येणारे शॉट आहेत, अगदी ‘द लोनली व्हिला’प्रमाणेच. फरक इतकाच की येथे ‘रक्षणकर्ते’ म्हणजे कू क्लक्स क्लान ही वंशद्वेष्टी दहशतवादी संघटना आहे, आणि ‘संकट’ म्हणजे कृष्णवर्णीय माणसे, ज्यांच्या प्रमुख भूमिका चेहरा काळा रंगवलेल्या गोऱ्या नटांनी केल्या होत्या. मदत वेळेवर पोचावी, अशी उत्कंठा तंत्र निर्माण करते. ती कोणासाठी निर्माण होत आहे हे तपासण्यास प्रेक्षकाला उसंत मिळत नाही. कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या एनएएसीपी या संस्थेने चित्रपटाविरुद्ध आंदोलन केले. त्याच वर्षी जॉर्जिया राज्यात क्लानची पुनःस्थापना झाली आणि पुढे सदस्यभरतीसाठी या चित्रपटाचा उपयोग करण्यात आला.

या चित्रपटाला त्याच तंत्राने उत्तर मिळाले, हे मात्र चित्रपटाच्या इतिहासलेखनात पुष्कळ काळ दुर्लक्षित राहिले. कृष्णवर्णीय दिग्दर्शक ऑस्कर मिशो यांच्या ‘विदिन अवर गेट्स’ (१९२०) मध्ये एका निरपराध जोडप्याला जमावाने ठार मारणे आणि त्याच वेळी एका गोऱ्या पुरुषाने कृष्णवर्णीय तरुणीवर केलेला अत्याचाराचा प्रयत्न, या दोन घटना एकमेकींत गुंफल्या आहेत. येथे घोडेस्वार येत नाहीत. हा चित्रपट अनेक दशके नष्ट झाला असे समजले जात होते. १९७० च्या दशकात त्याची एक प्रत स्पेनमध्ये सापडली आणि काँग्रेस ग्रंथालयाने तिचे पुनरुज्जीवन केले.

ब्रिटिश अभ्यासक लॉरा मल्व्ही यांनी १९७५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निबंधात दृष्टिरेषेच्या तंत्राकडेच बोट दाखवले. पाहणारा बहुधा पुरुष असतो आणि पाहिली जाणारी स्त्री. कॅमेरा पुरुष पात्राच्या नजरेशी जुळल्यामुळे प्रेक्षकही, स्त्री असो वा पुरुष, त्याच जागी बसवला जातो. रिचर्ड डायर यांनी छायाचित्रणाच्या प्रकाशपद्धती गोऱ्या त्वचेला प्रमाण मानून घडल्या, असे दाखवले. निर्मिती संहितेत तर गोऱ्या आणि कृष्णवर्णीय व्यक्तींमधील प्रेमसंबंध दाखवण्यास स्पष्ट मनाई होती. या टीकेने सर्वच उदाहरणांना समान न्याय मिळतो असे नाही. ‘रिअर विंडो’मध्ये पाहणाऱ्या पुरुषाची नजरच कथेत दोषी ठरते. तरीही शैलीला निव्वळ तंत्र मानण्याची सोय या आक्षेपांनंतर उरली नाही.

१९६० नंतर

सर्वोच्च न्यायालयाच्या १९४८ च्या निकालाने मोठ्या स्टुडिओंना चित्रपटगृहांची मालकी सोडावी लागली. पुढील दोन दशकांत दूरचित्रवाणीने प्रेक्षक ओढून घेतला आणि १९६८ मध्ये संहितेच्या जागी वयानुसार वर्गवारी आली. ‘बॉनी अँड क्लाइड’ (१९६७) मध्ये संकलक डीडी अ‍ॅलन यांनी युरोपीय चित्रपटांतील तुटक लय वापरली. ‘द गॉडफादर’ (१९७२) मध्ये गॉर्डन विलिस यांनी दिवे डोक्यावर ठेवून डोळे अंधारात राहू दिले, म्हणजे तीन दिव्यांच्या रचनेचा मुख्य हेतूच नाकारला. मात्र त्याच चित्रपटातील बाप्तिस्म्याचा प्रसंग, जेथे चर्चमधील विधी आणि शहरभर होणारे खून आलटून पालटून दिसतात, तो थेट ग्रिफिथ यांच्या परंपरेतला आहे.

कथेची घडणही पाठ्यपुस्तकांत शिरली. सिड फील्ड यांच्या १९७९ च्या ‘स्क्रीनप्ले’ या पुस्तकाने तीन अंकांची रचना पटकथाकारांच्या तोंडी बसवली, तर क्रिस्टिन थॉम्पसन यांनी बहुसंख्य चित्रपट वस्तुतः चार जवळपास समान भागांत विभागलेले असतात, असे प्रतिपादन केले.

बोर्डवेल यांच्या मते नव्या चित्रपटांनी सातत्याची पद्धत सोडलेली नाही. त्यांनी ती तीव्र केली आहे. १९३० ते १९६० या काळात शॉटची सरासरी लांबी ८ ते ११ सेकंद असे. शतकाच्या अखेरीस ती बहुतांश चित्रपटांत ३ ते ६ सेकंदांवर आली. संवादांचे शॉट अधिक जवळून घेतले जाऊ लागले आणि कॅमेरा सतत फिरू लागला. अतिवेगवान संकलनात प्रेक्षकाला दिशा कळत राहावी म्हणून जुन्याच तत्त्वाला नवे रूप देण्याचे प्रयत्नही झाले. वॉर्नर ब्रदर्सने प्रदर्शित केलेल्या ‘मॅड मॅक्स : फ्युरी रोड’ (२०१५) या चित्रपटात दोन हजारांहून अधिक शॉट आहेत. दिग्दर्शक जॉर्ज मिलर यांनी प्रत्येक शॉटमधील महत्त्वाची गोष्ट चौकटीच्या मध्यभागी ठेवण्यास सांगितले होते, जेणेकरून कट झाल्यावर प्रेक्षकाच्या डोळ्यांना नव्याने शोध घ्यावा लागू नये. संकलक मार्गारेट सिक्सेल यांना या कामासाठी ऑस्कर मिळाले.